सोडलेलं दार

१२ ऑगस्ट २०२४, सोमवार

मारुतराव गुरुजींच्या सांगण्यावरून लिहायला घेतलं आहे. मंडळाचा नियम असा, की ज्याची नोंद तपासायची त्याने आपल्या मनात काय चाललंय ते लिहून ठेवावं. कोणाला दाखवायचं नाही. खोटं मात्र लिहायचं नाही. मला सवय कंपनीतल्या रिपोर्टची. सव्वीस वर्षं मेट्रोलॉजी रूममध्ये होतो. गेज आणि मायक्रोमीटर तपासायचे आणि पास की रिजेक्ट ते लिहायचं. तेवढंच लिहीत आलो.

सिंधू, माझी बायको, २१ जूनला गेली. सकाळी चहा टाकला आणि ओट्याशी खाली बसली, ती उठली नाही. वय त्रेपन्न. याहून जास्त लिहिता येत नाही.

घरामागे आमच्या सहा खोल्या आहेत, एका रांगेत, पुढून लांब पॅसेज. कारेगावात बहुतेकांच्या आहेत. भाडेकरू सगळे रांजणगावच्या कंपन्यांतले. ज्यांची फर्स्ट शिफ्ट असेल त्यांना सिंधू पहाटे सव्वापाचला दार वाजवून उठवायची, कारण सहाला बस येते. मोबाइलचा गजर पोरं झोपेत बंद करतात, सिंधूला बंद करता येत नसे. दोन ठोके, जरा थांबून एक.

तेरावं झाल्यावर पाच दिवसांनी, ८ जुलैला, सव्वापाचला मला तेच ऐकू आलं. दोन, थांबून एक. मी उठून धावत मागं गेलो. पाच नंबरचा मल्हार आपल्या दारात उभा होता.

"कोणी वाजवलं?"

"का आप्पा?"

"सिंधू अशीच वाजवायची."

तो माझ्याकडं बघत राहिला. तोवर चार नंबरचा रामप्रवेश आणि दोनमधली मोनिका बाहेर आली. तिघांनी एकमेकांकडं बघितलं. मग मल्हार म्हणाला, "न्हाई बा. आमी न्हाई वाजवलं." रामप्रवेश बिहारचा, सिंधूला मौसी म्हणायचा. तो खाली बघत म्हणाला, "पता नहीं, चाचा."

त्या दिवशी मी पहिल्यांदा पोटभर जेवलो.

सिंधूचं माहेर केडगाव. मारुतराव गुरुजींनी तिला शाळेत गणित शिकवलं होतं. भेटायला आले तेव्हा त्यांना हे सांगितलं. दुसऱ्या कोणी मान डोलावून विषय बदलला असता. त्यांनी खिशातून कागद काढला आणि विचारलं, "नक्की किती वाजता?"

काल त्यांच्या मंडळात जाऊन आलो.

१४ ऑगस्ट, बुधवार

मंडळाचं नाव व्यत्यय मंडळ. दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी केडगावच्या बाहेर एका बंद गुऱ्हाळात बसतात. न्हावरा, पारगाव करत मोटरसायकलने सव्वा तास लागला. अकरा जण होते. बहुतेक निवृत्त, दोन बायका.

मंडळ सुरू केलं ते भैरूआप्पांनी. ते आता नाहीत. दौंड जंक्शनच्या सिग्नल केबिनमध्ये चौतीस वर्षं होते. त्यांचा सगळा विचार सात वह्यांत आहे आणि गुरुजी त्यातलं दर वेळी थोडं वाचतात. रविवारी वाचलं ते मला समजलं तसं लिहितो. गाडी रोज वेळेवर येते तोवर वेळापत्रक कोणाला दिसत नाही. गाडी आली नाही की दिसतं. वास्तवाचंही तसंच आहे. वास्तव म्हणजे फार जुनी सवय, आणि ती जिथं मोडते तिथंच ती नीट बघता येते. अशा मोडण्याला भैरूआप्पा व्यत्यय म्हणत. माणूस गेलं की घरच्यांना लगेच कळतं. पण ते रोज ज्या दारातून जायचं त्या दाराला, ज्या वेळेला उठायचं त्या वेळेला कळायला उशीर लागतो. मधले दिवस ती जागा आणि ती वेळ जुनी सवय चालू ठेवतात.

हे ऐकून मला बरं वाटलं. धीर देण्यासाठी कोणी बोलतंय असं वाटलं नाही. मशीनबद्दल बोलावं तसं बोलत होते.

भूत हा शब्द तिथं चालत नाही. ज्याच्या तोंडून निघेल त्याने बाहेर गुळाच्या जुन्या काहिलीजवळ पाच मिनिटं उभं राहायचं. रविवारी एक जण दोनदा जाऊन आला.

नोंद आली की ती चार चाळण्यांतून घालतात. वारा, जनावर, माणूस, मन. यातलं एकही कारण नाही असं ठरलं तर ती पक्क्या वहीत जाते. अकरा वर्षांत तीन नोंदी गेल्या आहेत. त्यातली एक पुतळाबाईंची. त्या सत्तरीच्या आहेत आणि चहा त्याच करतात.

२३ ऑगस्ट, शुक्रवार

पहिली चाळणी झाली. पॅसेजमध्ये तीन ठिकाणी दोरे टांगले. पाच दिवस सव्वापाचला वारा पडलेला. वारा नाही.

या आठवड्यात ठोका हलका आहे. गेल्या आठवड्यात जरा घाईचा होता. बुधवारी ठोक्याबरोबर बांगड्या वाजल्यासारखं वाटलं. काल पुन्हा वाटलं. मी पलंगावर बसून राहिलो, मागं गेलो नाही. गेलो असतो तर थांबलं असतं असं वाटलं.

मोनिकाने दुपारी भेंडीची भाजी आणून दिली. ती परभणीकडची. नवरा ट्रकवर असतो, ही पॅकिंगला जाते. "काका, जेवता की नाही?" म्हणाली. मी म्हणालो, जेवतो. तिने कोरडी भांडी बघितली.

३ सप्टेंबर, मंगळवार

जनावरही नाही. गेटला खालून जाळी लावली होती.

चौथ्या चाळणीसाठी मोबाइलवर आवाज रेकॉर्ड केला. आवाज नीट आला आहे. म्हणजे माझ्या एकट्याच्या मनातला नाही.

तिसरीसाठी सगळ्यांना एकेकटं गाठून विचारलं. मल्हार म्हणाला, "आप्पा, मला सोताला उठायचं जिवावर येतं, मी दुसऱ्याला कवा उठवू?" पहाटेची वेळ, तरी त्याच्या पायात चपला होत्या आणि तोंड धुतलेलं होतं. रामप्रवेशने फक्त मान हलवली. मोनिका म्हणाली, "तुम्हाला काय वाटतं, काका?" मी म्हणालो, मला काय वाटतं याला महत्त्व नाही. तर म्हणाली, "आहे की."

२२ सप्टेंबर, रविवार

तक्ता केला. सहा आठवड्यांच्या वेळा आणि दारं मांडली. तीन गोष्टी निघाल्या.

एक. ज्यांची फर्स्ट असते, म्हणजे जे सहाच्या बसला जातात, त्यांचीच दारं वाजतात. सिंधूला कोणाची कोणती शिफ्ट ते तोंडपाठ असायचं. मला कधीच कळलं नाही, मी कायम दिवसाच्या जनरल शिफ्टला.

दोन. रविवारी ठोका नाही. सिंधूही रविवारी उशिरा उठायची.

तीन. हे विचित्र आहे. फर्स्टवाल्यांपैकी एक दार दर आठवड्याला सुटतं, वाजतच नाही. पहिल्या आठवड्यात पाच नंबर सुटलं. दुसऱ्यात दोन. तिसऱ्यात चार. मग पुन्हा पाच, दोन, चार. ठोक्याचा जोरही त्याच क्रमाने बदलतो. घाईचा, हलका, जड. जड असतो तेव्हा वेळही पाच-सहा मिनिटं पुढं जाते.

यात नियम आहे हे नक्की. कसला ते समजत नाही.

१३ ऑक्टोबर, रविवार

तक्ता बैठकीत दाखवला. गुरुजींनी तो दोनदा वाचला, चष्मा काढला, पुसला आणि तिसऱ्यांदा वाचला. "हनुमंतराव, एवढी स्वच्छ नोंद आपल्याकडं आलेली नाही." तीन आठवड्यांची लय त्यांनी भैरूआप्पांच्या चौथ्या वहीतून काढून दाखवली. तिथं लिहिलं आहे की मोडलेली सवय सरळ विरत नाही, झोके घेत विरते. सुटणाऱ्या दाराला गुरुजींनी नाव दिलं, सोडलेलं दार. त्यावर एक तास चर्चा झाली. एकाचं म्हणणं, ते दार म्हणजे वास्तवाने मोकळी ठेवलेली जागा. दुसरा म्हणाला, तेच मूळ दार, बाकीचे त्याचे पडसाद.

पुतळाबाई चहा गाळत होत्या. म्हणाल्या, "त्या दारात कोन ऱ्हातं?"

मी म्हणालो, बदलतं दर आठवड्याला.

"बरं," म्हणाल्या आणि कप मोजायला लागल्या.

विश्वजीतचा फोन आला होता. माझा मुलगा, हडपसरला असतो. "पप्पा, तिथं एकटे काय करता? इकडं या, खोल्या कोणाच्या तरी ताब्यात देऊ." मी म्हणालो, डिसेंबरपर्यंत थांब. कशासाठी ते सांगितलं नाही. तो इंजिनियर आहे.

५ नोव्हेंबर, मंगळवार

आठ दिवस ठोका नाही.

दिवाळीला सगळे गावी गेले. रामप्रवेश छठला गेला आहे, तो तर पंधरवड्याने येईल. सहाही दारांना कुलपं आहेत. मी रोज पाचला उठून पॅसेजच्या टोकाला खुर्ची टाकून बसतो. सव्वापाच होतात, साडेपाच होतात. उजाडतं.

गुरुजी म्हणाले होते की झोके घेत विरते. विरली असेल.

लक्ष्मीपूजनाला दिवा लावला. दुसरं काही केलं नाही. विश्वजीत आणि सूनबाई येऊन गेले.

११ नोव्हेंबर, सोमवार

आज ठोका आला. पाच वाजून चौदा मिनिटं. हलका, बांगड्यांसकट. दोन, थांबून एक.

काल संध्याकाळी मोनिका परत आली. आज दुपारी तिला म्हणालो, सकाळी वाजलं. ती म्हणाली, "वाजणारच की, काका. कामं सुरू झाली." मग म्हणाली, "तुम्ही किती वाळलात."

८ डिसेंबर, रविवार

बैठकीत ठरलं. पुढच्या रविवारी गुरुजी मुक्कामाला येणार. तिसरी चाळणी नुसत्या शब्दावर झाली आहे, ती पक्की करायची. पॅसेजभर रांगोळीचा पातळ थर द्यायचा आणि सकाळी बघायचं. पाऊल नसेल तर नोंद पक्क्या वहीत. खाली गुरुजींची आणि माझी सही.

मला रांगोळीची कल्पना योग्य वाटली. कंपनीत मीच म्हणायचो की ऑपरेटरच्या शब्दावर पास देऊ नका. तरी परत येताना वाटेत दोनदा गाडी थांबवली. थंडी होती हे खरं. पण ते तेवढ्यासाठी नव्हतं. पास झालं तर सिंधू अजून काही दिवस तरी त्या पॅसेजमध्ये आहे. झालं नाही तर ती जूनमध्येच गेलेली आहे आणि मी पाच महिने मोजत बसलोय ते कशाला, हे सांगता येणार नाही.

बैठक संपल्यावर पुतळाबाई बाहेर भांडी धुवत होत्या. मला म्हणाल्या, "रांगुळी कशापायी?"

"नियमच आहे. तुमच्या वेळी पीठ टाकलं असेल."

"माझ्या येळंला न्हाई टाकलं कुनी."

त्यांची नोंद मला माहीत आहे. नवरा गेल्यावरही रोज संध्याकाळी अंगणात त्याची बाज टाकलेली असायची, वर वाकळ, उशाला तांब्या. वर्षभर चाललं. पक्क्या वहीतली दुसरी नोंद.

"त्यात सून व्हती," पुतळाबाई म्हणाल्या. "मला तिसऱ्या म्हयन्यात कळलं."

मला पहिल्यांदा समजलंच नाही. "मग मंडळात सांगितलं का नाही?"

"सांगितलं असतं तर तिनं टाकायची बंद केली असती की."

आणि तांब्या उपडा घालून आत गेल्या.

मला हे आवडलं नाही. पक्क्या वहीत चुकीची नोंद म्हणजे पासचा शिक्का मारलेलं खराब गेज. त्यावर पुढं किती माप चुकणार. गुरुजींना सांगावं का, याचा पारगावच्या पुलापर्यंत विचार केला. नाही सांगणार. त्यांचं वय झालं आहे. माझी नोंद मात्र अशी राहणार नाही.

१० डिसेंबर, मंगळवार

संध्याकाळी सगळ्यांना पॅसेजमध्ये बोलावून सांगितलं. रविवारी रात्री रांगोळी टाकणार आहोत. सकाळी आम्ही तपासून सांगेपर्यंत कोणी खोलीबाहेर पाऊल टाकायचं नाही.

"पॅसेजभर?" मोनिकाने विचारलं.

"पूर्ण."

"आन् संडासला लागली तर?" मल्हार म्हणाला.

"दम धरायचा."

"आन् जे वाजवतंय त्याचं काय, आप्पा? त्यानं कसं यायचं?"

"त्याची पावलं उमटणार नाहीत. तेच बघायचंय."

कोणी हसलं नाही. रामप्रवेशला सगळं कळलं नसावं. मोनिकाने त्याला हिंदीत सांगितलं. मी बोललो त्यापेक्षा बराच वेळ ती सांगत होती. नंतर सगळे दोन नंबरमध्ये जाऊन बसले. दार लावलेलं होतं. मध्येच मल्हार मोठ्याने म्हणाला, "आरं पन एकदम कसं जमंल?" आणि कोणीतरी त्याला गप्प केलं.

त्यांच्या कंपनीत काहीतरी चाललं असेल. कंत्राट संपत आलंय असं ऐकतो.

१५ डिसेंबर, रविवार

गुरुजी चारच्या एसटीने आले. सोबत भैरूआप्पांची चौथी वही, फडक्यात बांधलेली. आम्ही दोघांनी पिठाच्या चाळणीने रांगोळी टाकली. गुरुजींच्या गुडघ्यांना वाकवत नव्हतं, तरी अर्धा पॅसेज त्यांनीच केला. जेवताना म्हणाले, "हनुमंतराव, अकरा वर्षं मी दुसऱ्यांच्या नोंदी लिहितोय. स्वतः एकही व्यत्यय ऐकलेला नाही."

मी त्यांना भात वाढला.

१६ डिसेंबर, सोमवार

जसं झालं तसं लिहितो.

पाचला आम्ही स्वयंपाकघराच्या मागच्या दारात खुर्च्या टाकून बसलो. तिथून अख्खा पॅसेज दिसतो. पिवळा दिवा चालू होता. रांगोळी पांढरी, कुठं रेघ नाही. गुरुजींच्या हातात घड्याळ.

पाच पंधराला सहाही दारं एकदम वाजली. दोन. जरा थांबून एक. सहाच्या सहा, एकाच वेळी. मग सगळं शांत.

गुरुजींनी माझा हात धरला. त्यांचे डोळे भरून आले होते. "ऐकलंत ना? सहाही. आणि कोणी नाही. हनुमंतराव, कोणी नाही."

पॅसेजमध्ये कोणी नव्हतं हे खरं. पण खोल्यांची दारं पत्र्याची आहेत आणि आत उघडतात. बाहेरून ठोकलं की दार आतल्या कडीवर जातं आणि कडी खडखडते. इतके महिने मी जो आवाज ऐकला त्यात ती खडखड आहे, रेकॉर्डिंगमध्येही आहे. आज खडखड नव्हती. आवाज भरीव होता. आतून ठोकलं की दार बाहेर चौकटीवर दबतं, तसा.

आणि या आठवड्यात फर्स्ट तीनच खोल्यांची आहे. वाजल्या सहा.

गुरुजींनी बॅटरी घेऊन पूर्ण पॅसेज तपासला आणि पावणेसहाला सगळ्यांना बाहेर यायला सांगितलं. सगळे एकदम बाहेर आले. ज्यांची सेकंड होती तेही, केस विंचरून. रामप्रवेशच्या उजव्या हाताची बोटं लाल होती. ती त्याने खिशात घातली.

"काय आप्पा," मल्हार म्हणाला, "आलं का कोन?"

"आवाज आला."

"मंग चांगलं झालं की."

मोनिका माझ्याकडं बघत होती. मी बघितलं तसं तिने खाली बघितलं आणि झाडू आणायला गेली.

गुरुजींनी कागद पुढं केला. माणूस या रकान्यात त्यांनी नाही असं लिहिलेलं होतं, खाली त्यांची सही. मी पेन हातात घेतलं. मग म्हणालो, "गुरुजी, सही जानेवारीच्या बैठकीत करतो." ते म्हणाले, "करा, करा, सावकाश." त्यांना एसटीत बसवून आलो.

१७ डिसेंबर, मंगळवार

तक्ता काढला आणि त्याच्या शेजारी शिफ्ट लिहिल्या. कंपनीच्या गेटवरच्या वॉचमनकडून विचारून घेतल्या.

पाच सुटतं तेव्हा मल्हारची फर्स्ट. दोन सुटतं तेव्हा मोनिकाची. चार तेव्हा रामप्रवेशची. दुसऱ्याची दारं वाजवणारा आपलं दार कशाला वाजवेल.

माझी सगळी नोकरी जनरलला गेली म्हणून शिफ्टचा फेरा लक्षात आला नाही, असं लिहिणार होतो. पण हे खरं नाही. कारेगावातल्या लहान पोरालाही शिफ्टचा फेरा कळतो. मला तो बघायचा नव्हता.

राग आला होता. कोणावर ते ठरेना.

१८ डिसेंबर, बुधवार

सव्वापाचला ठोका आला. घाईचा. मल्हारचा. मी उठलो नाही.

सिंधू गेली. हे वाक्य मी इथं ऑगस्टमध्ये लिहिलेलं आहे. आज लिहिताना ते वेगळं वाटलं. दुपारी जेवण केलं नाही.

२२ डिसेंबर, रविवार

विश्वजीतला हो म्हणालो. जानेवारीअखेर येतो म्हणालो. तो खूश झाला. सूनबाईने एक खोली रिकामी करायला घेतली आहे.

१२ जानेवारी २०२५, रविवार

बैठकीला गेलो. गुरुजींनी पक्की वही समोर ठेवली होती, पान उघडून. मी म्हणालो, नोंद मागं घेतो.

गुरुजींनी विचारलं, "कोणती चाळणी?"

वाटेत याचा विचार करून ठेवला होता. तिसरी म्हणावं तर नावं सांगावी लागतात. नावं सांगितली तर गुरुजी कारेगावला येऊन त्यांना विचारणार, ते सवयीने वहीत लिहून घेणार, आणि मल्हार माझ्यासमोर मान खाली घालून उभा राहणार.

"चौथी," मी म्हणालो. "मन."

"पण मीही ऐकलं, हनुमंतराव. माझंही मनच का?"

याचा विचार केलेला नव्हता. ते रागावले नव्हते. खरंच विचारत होते. मी म्हणालो, "तुम्ही ऐकलं ते खरं आहे, गुरुजी. आवाज झाला. माझं माप चुकलं." त्यांनी वही मिटली, फडकं गुंडाळलं आणि पुन्हा सोडून गुंडाळलं. मग म्हणाले, "आवाज झाला, एवढं मी माझ्यापुरतं लिहून ठेवतो." मी म्हणालो, ठेवा.

खोटं बोललो असं वाटत नाही. पण गुरुजींशी नीट वागलो असंही वाटत नाही.

पुतळाबाईंनी मला कप दिला. "तुमास्नी सहावा म्हयना लागला," म्हणाल्या. "शिकलेली मानसं."

१८ जानेवारी, शनिवार

तीन आणि सहा नंबरवाल्यांची कंत्राटं संपली. आज सामान घेऊन गेले. जाताना पाया पडले. एक जण म्हणाला, "आप्पा, तुमचं बरं चाललंय ना आता?" मी म्हणालो, हो.

माझीही बॅग काढून ठेवली आहे. मोनिका खोल्यांवर लक्ष ठेवायला तयार आहे.

२० जानेवारी, सोमवार

आज ठोका आला नाही.

साडेसहाला चार नंबरमधून भांड्यांचा आवाज आला आणि रामप्रवेश धावत गेटकडं गेला. बस गेलेली होती. सव्वा तासाने परत आला. उशीर झाला म्हणून कंपनीच्या गेटवरून परत पाठवलं. पायरीवर बसून राहिला. या महिन्यात असं दुसऱ्यांदा झालं तर कंत्राटदार काढून टाकतो.

मोनिकाची सेकंड होती. ती कपडे वाळत घालत होती. मी तिला म्हणालो, "त्याला गजर लावायला सांग."

"लावतो की, काका. दोन-दोन लावतो." ती पुढची साडी झटकत म्हणाली, "दुसऱ्यांना उठवायचं असलं की त्याला बरोबर जाग येते. या आठवड्यात फर्स्टला तो एकटाच आहे. एकट्यासाठी नाही येत जाग."

इतक्या महिन्यांत याबद्दल ती एवढंच बोलली आणि मीही एवढंच ऐकलं.

२१ जानेवारी, मंगळवार

विश्वजीतला दुपारी फोन करायचा आहे. या आठवड्यात येणं जमत नाही. पुढच्या आठवड्यात मल्हारची फर्स्ट आहे, आणि तोही एकटाच.

पाचला उठलो. तोंड धुतलं, स्वेटर घातला. सव्वापाचला चार नंबरच्या दारासमोर उभा राहिलो. माझा हात जड आहे, पहिले दोन ठोके फार जोरात पडले. जरा थांबलो आणि तिसरा बेताने दिला. कडी खडखडली.

आतून झोपेतला आवाज आला, "हां मौसी. उठ गए."

मी उत्तर दिलं नाही. लगेच निघालोही नाही, कारण नुसतं हो म्हणून परत झोपतात. दाराखालच्या फटीत उजेड दिसेपर्यंत तिथं थांबलो, आणि मग घरात आलो.